कू क्लक्स क्लॅन

अमेरिकेतलं यादवी युद्ध १८६५ साली संपलं, गुलामगिरी कायद्यानं गेली. त्यानंतर लवकरच हरलेल्या दक्षिणेच्या सैन्यातल्या सहा जणांनी टेनेसीतल्या पुलास्की गावी एक गुप्त मंडळी स्थापली. नावासाठी त्यांनी ग्रीक ‘किक्लोस’, म्हणजे वर्तुळ, हा शब्द उचलला. कॉलेजातल्या विद्यार्थी-मंडळांना ग्रीक नावं देण्याची तिकडे पद्धतच होती. पुढे जोडलेला ‘क्लॅन’ स्कॉटलंडच्या गेलिक भाषेतला. त्याचा मूळ अर्थ मुलंबाळं, मग कुळ. त्याही मागे लॅटिन ‘प्लांटा’ आहे, म्हणजे कोंब, रोप. इतक्या कोवळ्या अर्थाच्या शब्दाचं या लोकांनी काय केलं, याचा संताप येतो.

बंदुकीचा घोडा चढवतानाच्या आवाजावरून हे नाव पडलं, असं शेरलॉक होम्सच्या एका कथेत येतं. ती व्युत्पत्ती चुकीची आहे. दहशत मात्र खरी होती: मतदान करू पाहणारे कृष्णवर्णीय, त्यांच्या शाळा, त्यांचे शिक्षक यांच्यावर रात्री मुखवटे घालून हल्ले होत. १८७१च्या कायद्याचा आधार घेऊन राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनी ही टोळी मोडली.

१९१५ साली ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ या चित्रपटानं तिचा गौरव केला आणि त्याच वर्षी जॉर्जियात ती पुन्हा उभी राहिली. क्लॅनची खूण ठरलेला जळता क्रॉसही मूळ टोळीचा नव्हे. तो थॉमस डिक्सनच्या कादंबरीतून आला. १९२०च्या दशकात सभासद लाखोंनी वाढले. कॅथलिक, ज्यू, स्थलांतरित हेही शत्रू ठरले. १९६३मध्ये अमेरिकेतल्या बर्मिंगहॅमच्या एका चर्चमध्ये क्लॅनवाल्यांच्या बॉम्बनं चार मुली मारल्या. त्या प्रकरणातल्या शेवटच्या दोन आरोपींना शिक्षा झाली २००१ आणि २००२ साली.