भारतीय वैद्यकीय पथक, चीन (1938–43)

भारतीय वैद्यकीय पथक, चीन : चीन-जपान युद्धाच्या दुसऱ्या वर्षी, 1938 साली, जखमी चिनी सैनिकांच्या व नागरिकांच्या शुश्रूषेसाठी भारतीय राष्ट्रसभेने पाठविलेले पाच डॉक्टरांचे पथक. त्यांपैकी नागपूरचे डॉ. चोळकर आणि सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ शांताराम कोटणीस (10 ऑक्टोबर 1910–9 डिसेंबर 1942) हे दोघे महाराष्ट्रातील होत.

पेकिंगनजीकच्या मार्को पोलो पुलापाशी 7 जुलै 1937 रोजी उडालेल्या चकमकीतून जे युद्ध पेटले, त्यात वर्ष संपण्यापूर्वीच शांघाय व राजधानी नानकिंग ही शहरे जपानच्या हाती गेली. आणि त्यानंतरचे 1938 हे साल चीनच्या राजकीय भवितव्याला वळण देणारे ठरले. जानेवारीत जपानचे पंतप्रधान कोनोए यांनी चँग कै-शेक यांच्या राष्ट्रीय सरकारशी यापुढे बोलणी करणार नसल्याचे जाहीर केले. एप्रिलमध्ये ताइअरच्वांग येथे चिनी फौजांनी जपानी सैन्यास मागे रेटले खरे. परंतु जूनमध्ये शत्रूची आगेकूच थोपविण्यासाठी राष्ट्रीय सैन्यानेच पीत नदीचा बांध फोडला, तेव्हा लाखो शेतकऱ्यांची घरेदारे पाण्याखाली गेली आणि प्राणहानीही भयंकर झाली. ऑक्टोबरच्या उत्तरार्धात कँटन व वूहान पाठोपाठ पडली आणि सरकारला सेच्वान प्रांतातील चुंगकिंगचा आश्रय घ्यावा लागला. याच वर्षाच्या आरंभी, जपानी फौजांच्या पिछाडीस, शान्सी, चाहार व होपे या प्रांतांच्या सरहद्दींवर साम्यवाद्यांच्या पुढाकाराने एक स्वतंत्र कारभार सुरू झाला होता. राष्ट्रीय सरकारची अंतर्भागाकडे माघार आणि ग्रामीण मुलखात साम्यवाद्यांचा वाढता अंमल, असा हा जो दुहेरी पालट होता, त्याची परिणती पुढे 1949 च्या क्रांतीत झाली. आणि भारतीय पथकाची वाटचालही याच पालटाच्या मार्गाने घडली.

चिनी साम्यवाद्यांच्या आठव्या मार्गसेनेचे सेनापती चू तेह यांनी 1937 च्या अखेरीस जवाहरलाल नेहरूंना पत्र लिहून वैद्यकीय साहाय्याची विनंती केली होती. जपानी मालावर बहिष्कार घालण्याचे आवाहन राष्ट्रसभेने त्यापूर्वीच केले होते. आता 1938 चे अध्यक्ष सुभाषचंद्र बोस यांनी चीनसाठी निधी उभारण्याचे काम हाती घेतले आणि जुलैच्या प्रारंभी पाळलेल्या ‘चीन दिना’च्या निमित्ताने वर्गणी गोळा झाली. पथकाचे नेतृत्व स्पेनच्या यादवी युद्धात रुग्णसेवा केलेले अलाहाबादचे डॉ. मदनमोहन अटल यांच्याकडे, तर उपनेतृत्व डॉ. चोळकर यांच्याकडे सोपविण्यात आले. कलकत्त्याचे डॉ. विजयकुमार बसू व डॉ. देवेश मुखर्जी आणि मुंबईच्या शेठ गोर्धनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालयात शिकलेले तरुण डॉ. कोटणीस हे इतर सदस्य होते.

पथकाने 1 सप्टेंबर 1938 रोजी ‘राजपुताना’ या आगबोटीने मुंबई बंदर सोडले. कँटन येथे सुन यत्-सेन यांच्या पत्नी सुंग छिंग-लिंग यांनी त्यांचे स्वागत केले. परंतु तेथून वूहानमधील हँकौला जाऊन कामास हात घालावा, तोच ते शहर सोडण्याची पाळी आली आणि इस्पितळांपाठोपाठ पथकही यांगत्से नदीच्या वरच्या अंगाला हटत चुंगकिंगला पोहोचले. डिसेंबरात राष्ट्रीय पक्षाचे ज्येष्ठ नेते वांग चिंग-वै गुप्तपणे चुंगकिंग सोडून गेले आणि पुढे जपानच्या आश्रयाने त्यांनी नानकिंगला वेगळे सरकार थाटले. अशा भेदग्रस्त वातावरणातून बाहेर पडून, ज्यांच्या विनंतीवरून आपण आलो त्यांच्यापर्यंत जाण्याचा निर्धार पथकाने पार पाडला आणि फेब्रुवारी 1939 मध्ये ते साम्यवाद्यांचे केंद्र असलेल्या येनान येथे दाखल झाले.

चोळकर व मुखर्जी 1939 मध्ये, तर अटल प्रकृतीच्या कारणास्तव 1940 मध्ये मायदेशी परतले. बसूंनी येनानच्या रुग्णालयात 1943 पर्यंत सेवा केली. वडिलांच्या निधनाची वार्ता परदेशात ऐकूनही स्वीकारलेले कार्य न सोडणारे कोटणीस मात्र आघाडीलगतच्या शान्सी-चाहार-होपे सरहद्द प्रदेशात राहिले. डोंगराळ खेड्यांतून, औषधांच्या व उपकरणांच्या कायमच्या टंचाईत, शत्रूच्या चढायांमुळे वारंवार मुक्काम हलवीत त्यांनी शस्त्रक्रिया केल्या, चिनी भाषा आत्मसात केली आणि त्या भाषेतून विद्यार्थ्यांना शल्यशास्त्र शिकविले. कॅनडाचे शल्यविशारद नॉर्मन बेथ्यून नोव्हेंबर 1939 मध्ये याच प्रदेशात रक्तदोषाने मरण पावले होते. त्यांच्या नावे स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय शांतता रुग्णालयाचे संचालकपद 1941 मध्ये कोटणीसांकडे आले. त्याच वर्षी परिचारिका क्वो छिंग-लान यांच्याशी त्यांचा विवाह झाला आणि ऑगस्ट 1942 मध्ये त्यांना पुत्र झाला. अतिश्रमाने प्रकृती खालावलेली असतानाही काम न थांबविता, अपस्माराच्या झटक्यांनी 9 डिसेंबर 1942 रोजी, वयाच्या अवघ्या 32 व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्यांची समाधी आज होपे प्रांतातील शिच्याच्वांग येथील हुतात्मा स्मारकात आहे. ख्वाजा अहमद अब्बास यांनी त्यांच्यावर पुस्तक लिहिले आणि व्ही. शांताराम यांनी 1946 मध्ये ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ हा चित्रपट काढला. सोलापुरातही त्यांचे स्मारक आहे.

स्वतःचे सरकार, खजिना वा परराष्ट्र खाते नसलेल्या एका परतंत्र राष्ट्राने सामान्य रयतेच्या वर्गणीतून दुसऱ्या आक्रांत राष्ट्रास केलेले हे साहाय्य होते. म्हणूनच 1962 च्या युद्धाने दोन्ही देशांत कटुता आल्यावरही त्याची स्मृती पुसली गेली नाही. कोटणीसांचे नाव महाराष्ट्रात घरोघर पोहोचले. अटल, चोळकर, बसू व मुखर्जी यांची नावेही त्याच कृतज्ञतेने घेतली जाणे न्यायाचे आहे.