दिनविशेष : १८ फेब्रुवारी
१९५० : माहितीपटकार आनंद पटवर्धन यांचा मुंबईत जन्म. नंदुरबार जिल्ह्याशी त्यांचे नाव जोडले गेले ते सिमंतिनी धुरू यांच्यासह केलेल्या ‘अ नर्मदा डायरी’ (१९९५) या माहितीपटामुळे. १९९३च्या पावसाळ्यात सरदार सरोवराचे पाणी अक्कलकुवा तालुक्यातील मणिबेलीच्या घरांत शिरले, तरी आदिवासी कुटुंबे गाव सोडायला तयार नव्हती. हा भाग तेव्हा धुळे जिल्ह्यात होता. नंदुरबार जिल्हा १ जुलै १९९८ रोजी झाला. नर्मदा खोऱ्यातल्या या लढ्याचे चित्रण माहितीपटात आहे.

मुंबईच्या रमाबाई नगरातील १९९७च्या गोळीबारानंतर शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. तिथून सुरू झालेला पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट २०११मध्ये पूर्ण झाला. ‘वसुधैव कुटुंबकम्’मध्ये (२०२३) त्यांनी कॅमेरा स्वतःच्या घराकडे वळवला. कुंभारकलेत रमलेली आई निर्मला, वृद्ध वडील आणि बेचाळीसच्या लढ्यात भूमिगत राहिलेले काका अच्युत पटवर्धन यांच्या आठवणींतून स्वातंत्र्यलढ्याचा इतिहास उलगडतो. ‘अ नर्मदा डायरी’तली मूळ मणिबेली आज पाण्याखाली आहे. तिथल्या माणसांचा आवाज या माहितीपटाने जपला, हे त्याचे मोठे मोल. नंदुरबारच्या नव्या पिढीने तो आवर्जून पाहावा.