जात्यावरच्या ओव्यांचे चित्रीकरण

महाराष्ट्रातील ग्रामीण स्त्रियांच्या ओवीपरंपरेचे दृक्‌श्राव्य जतन. हेमा राईरकर, गी पॉइतवाँ व सहकाऱ्यांनी १९८० च्या दशकापासून एक लाखाहून अधिक ओव्या संकलित केल्या. बर्नार्ड बेल यांनी १९९० च्या दशकात त्यांपैकी काहींचे ध्वनिमुद्रण केले. पुढे ‘पारी’ (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया, स्थापना २०१४) या संकेतस्थळाने गायिकांना भेटून चित्रफिती केल्या. छापील ओवीत गळा, दळणाची लय व जोडीदारणीची साथ उरत नाही. म्हणून चित्रफीत संहितेइतकीच मोलाची ठरते. गिरण्या आल्यावर जाते मागे पडले, त्यामुळे कॅमेऱ्यासमोरचे गाणे कृत्रिम होते, असा आक्षेप घेता येईल. तो अंशतः खरा आहे. मात्र गायिकेचे नाव, गाव आणि तिने सांगितलेला अर्थ नोंदवल्यास तिच्या स्मृतीला पुराव्याचे स्थान मिळते.