केशवसुत मास्तर

बंडखोर कवि म्हटला म्हणजे समाजाशीं उघड भांडण मांडून बसलेली एक मूर्ति वाचकांच्या डोळ्यांपुढें उभी राहते. कृष्णाजी केशव दामले यांच्या चरित्रांत ती शोधूं जाणाऱ्याची निराशाच व्हावयाची. तेथें भेटतो तो एक ओढगस्तीचा शाळामास्तर.

जन्म मालगुंडचा, १८६६ सालचा. पण १५ मार्च कीं ७ ऑक्टोबर, याविषयीं चरित्रकारांत अद्याप एकमत नाहीं. पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमधून १८८९ सालीं ते मॅट्रिक झाले. त्या परीक्षेला हें वय थोराड खरें. पुढें मुंबईंत किरकोळ नोकऱ्या झाल्या. १८९६ सालीं तेथें प्लेग आला, तेव्हां ते खानदेशाकडे वळले. भडगांव, मग फैजपूर. १९०४ सालीं धारवाडची शाळा. धाकटे बंधु मोरो केशव पुढें मराठीचे मोठे व्याकरणकार झाले. एक भाऊ भाषेचे नियम बांधणारा आणि दुसरा काव्याचे मोडणारा, असा हा घरचाच विनोद!

मग बंड कोठें आहे? तें केवळ कागदावरचें, असा आक्षेप आम्हीं अनेकदां ऐकला आहे. तारुण्यांत स्वतः घेतलाही आहे. आज तो आम्हांस अन्यायाचा वाटतो. कोंकणांतील ब्राह्मण घरांत वाढलेला हा तरुण, स्वतःच्या पोटाची शाश्वती नसतां, उपासमारीची पाळी आलेल्या मजुराला आणि प्रश्न विचारणाऱ्या अंत्यजाच्या मुलाला कवितेंत आणतो. त्या काळच्या कवितेला हीं माणसें ठाऊकच नव्हतीं. इंग्रजी सॉनेट त्यांनीं मराठींत आणलें व त्याला ‘चतुर्दशक’ असें साधें नांव दिलें. तें नवलही आम्हांस यापुढें लहान वाटतें.

‘तुतारी’ १८९३ सालची. आम्हीं ती वर्गांत पुष्कळ वर्षें शिकविली, आणि खोटें कशाला बोला, घसा ताणूनच शिकविली. नोकऱ्यांच्या या याद्या शेजारीं ठेवून ती वाचल्यावर मात्र तीत आरोळीपेक्षां गुदमर अधिक ऐकूं येऊं लागली. दिवसभर पोरांचे पाठ घेणाऱ्या माणसाला एवढा मोठा आवाज कां काढावासा वाटला, हें आम्हां मास्तरांना तरी आधींच कळावयास हवें होतें.

७ नोव्हेंबर १९०५ रोजीं हुबळीस प्लेगनेंच त्यांचा अंत झाला. पत्नीही त्यांच्या मागोमाग गेली. हरि नारायण आपटे यांनीं ‘केशवसुतांची कविता’ पुस्तकरूपानें काढली ती १९१७ सालीं.