गेम सारखा हँग होतोय? नवं ग्राफिक्स कार्ड घेण्याआधी हे बघा

विश्रांतवाडीतल्या एखाद्या इमारतीचा सगळ्यात वरचा मजला. एप्रिलमधली रात्र. दहा वाजून गेलेत, पण दिवसभर तापलेला स्लॅब अजून गरम आहे. परीक्षा संपल्यामुळे घरातला मुलगा निवांत गेम खेळत बसलाय. मॅच ऐन रंगात येते आणि स्क्रीन जागच्या जागी थांबते. माऊस हलत नाही, कीबोर्ड ऐकत नाही, स्पीकरमधून नुसतं 'ट्र्र्र्र' वाजत राहतं. शेवटी पॉवरचं बटण दाबून धरायचं आणि पुन्हा सुरू करायचं. अर्ध्या तासाने पुन्हा तेच.

मग मित्रांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर प्रश्न पडतो आणि पाच मिनिटांत पाच डॉक्टर हजर होतात. कार्ड गेलं. रॅम वाढव. विंडोज नवीन टाक. गंमत म्हणजे यातलं सगळ्यात महाग उत्तरच सगळ्यांना आधी पटतं. मुलगा वडिलांच्या मागे लागतो, पंचवीस-तीस हजारांचं कार्ड घरी येतं आणि तिसऱ्या दिवशी गेम पुन्हा हँग होतो. कारण दोष कार्डात नव्हताच.

गेम हँग होणं हा आजार नाही, ते तापासारखं लक्षण आहे. ताप मलेरियाचा की साध्या सर्दीचा, हे बघितल्याशिवाय कुणी औषध देत नाही. इथेही तसंच.

नेमकं काय थांबतं, ते आधी बघा

चित्र थांबलं पण आवाज चालू आहे, मित्रांचं बोलणं ऐकू येतंय, आणि काही सेकंदांनी स्क्रीन काळी होऊन डेस्कटॉप परत आला. असं झालं तर संशय ग्राफिक्सच्या बाजूला जातो. ग्राफिक्स चिपला दिलेलं काम अडकलं तर विंडोज साधारण दोन सेकंद वाट बघतं आणि मग ड्रायव्हर स्वतःच रीसेट करतं. त्यामुळे इथे आधी ड्रायव्हर बघायचा, कार्ड त्यानंतर.

फक्त गेमची खिडकी पांढुरकी पडली, वर 'नॉट रिस्पॉन्डिंग' आलं, पण बाकी कॉम्प्युटर नीट चालतोय, तर प्रकरण बहुतेक वेळा गेमपुरतं असतं. एखादा प्रोग्राम पाच सेकंद विंडोजला प्रतिसाद देत नसेल, तर त्याच्यावर हा शिक्का बसतो. गेम मेलाय असा त्याचा अर्थ नाही, कधीकधी तो हार्ड डिस्कवरून एखादी मोठी फाइल ओढत असतो. स्टीमसारख्या लाँचरमध्ये गेमच्या फाइल तपासून दुरुस्त करायची सोय असते. ती फुकट आहे, तिथून सुरुवात करा.

दर काही सेकंदांनी उचकी लागल्यासारखा गेम अडखळत असेल, तर टास्क मॅनेजर उघडून मेमरी आणि डिस्कचे आकडे बघा. ८ जीबी रॅम, मागे क्रोमचे वीस टॅब आणि डिस्क १०० टक्के, असं चित्र असेल तर उत्तर समोरच आहे. हल्लीच्या मोठ्या गेमना जुनी फिरती हार्ड डिस्क पुरत नाही. २०२३ मध्ये आलेल्या 'स्टारफील्ड'ने तर किमान गरजांमध्येच एसएसडी लिहिली होती.

सुरुवातीला सांगितलेला प्रकार मात्र वेगळा. चित्र, आवाज, माऊस, सगळं एकदम ठप्प. यात बऱ्याचदा हार्डवेअरचा हात असतो आणि आपल्याकडच्या उन्हाळ्यात पहिले दोन संशयित ठरलेले: उष्णता आणि वीज.

खोलीच ३८ अंशांवर असेल तर

विश्रांतवाडीला लागूनच लोहगाव आहे. तिथल्या हवामान केंद्रावर एप्रिल-मे महिन्यांत पारा चाळिशीला टेकतो, ही बातमी आता दरवर्षीची झालीये. कॉम्प्युटरचा पंखा थंड हवा तयार करत नाही, तो खोलीतलीच हवा आत घेतो. थंडीत २० अंशांची हवा मिळायची, आता ३८ अंशांची मिळते. म्हणजे आतल्या चिपचं तापमानही ढोबळमानाने तेवढंच वर सरकतं. जानेवारीत ७५ अंशांवर सुखाने चालणारी चिप एप्रिलमध्ये नव्वदी गाठते, ती अशी.

इंटेलच्या बऱ्याच डेस्कटॉप प्रोसेसरची कमाल मर्यादा १०० अंश आहे, एएमडीच्या रायझन ७००० मालिकेतल्या बऱ्याच चिपची ९५. ती जवळ आली की चिप जळू नये म्हणून स्वतःचा वेग कमी करते. खेळणाऱ्याला ते अडखळणं म्हणून दिसतं. तरीही उष्णता उतरली नाही तर कॉम्प्युटर सरळ बंद पडतो. काही वेळा चिप सहीसलामत असते, पण मदरबोर्डवरचे वीज पुरवणारे भाग किंवा ग्राफिक्स कार्डाची मेमरी तापते आणि सगळं गोठतं.

आणि ते कॉम्प्युटर टेबल! आपल्याकडच्या अनेक घरांत सीपीयूचा डबा टेबलाच्या बंद कप्प्यात, मागून भिंतीला चिकटवून ठेवलेला असतो. धूळ बसू नये म्हणून वर आईने शिवलेलं कव्हर. धूळ तरी आत जातेच, फक्त गरम हवा बाहेर येत नाही. गादीवर लॅपटॉप ठेवून खेळणाऱ्यांचंही हेच होतं, कारण बऱ्याच लॅपटॉपची हवा आत घ्यायची जाळी खाली असते.

तपासायला एक रुपयाही लागत नाही. वेगळं ग्राफिक्स कार्ड असेल तर विंडोजच्या टास्क मॅनेजरमध्येच त्याचं तापमान दिसतं. प्रोसेसरसाठी 'एचडब्ल्यूइन्फो' हा फुकट प्रोग्राम चालतो. गेम खेळताना आकडे बघा. मग डब्याची बाजूची झाकणपट्टी काढून, बाहेरून टेबलफॅन लावून तोच गेम तेवढाच वेळ खेळा. हँग होणं थांबलं तर चोर सापडला.

साफ करताना कॉम्प्युटर बंद करा, वायर काढा आणि मऊ ब्रशने जाळ्या झाडा. हवा मारताना पंख्याची पाती बोटाने धरून ठेवा, ती भरधाव फिरली तर बेअरिंग बिघडू शकतं. घरचा व्हॅक्यूम क्लीनर नको, त्याने स्थिर वीज तयार होऊन पार्ट खराब होऊ शकतात. तीन-चार वर्षं झाली असतील तर प्रोसेसरवरची थर्मल पेस्टही वाळलेली असण्याची शक्यता असते. ती ट्यूब कार्डाच्या तुलनेत अगदीच स्वस्त मिळते.

विजेचा खेळ

घरी कॉम्प्युटर जोडून घेताना सगळं बजेट प्रोसेसर आणि कार्डावर जातं. पॉवर सप्लाय मात्र डब्यासोबत जो येईल तो. त्यावर '४५०' लिहिलेलं असतं, पण तेवढे वॅट तो खरंच देतो का, हा प्रश्न असतो. ग्राफिक्स कार्डाची भूक एकसारखी नसते. स्फोट झाला, समोर एकदम मोठं शहर आलं, की क्षणभर तिची मागणी उसळते. नेमक्या त्याच वेळी हलका पॉवर सप्लाय कमी पडतो. वीज कमी पडली तर कॉम्प्युटर बहुतेक वेळा रीस्टार्ट होतो, पण गोठूही शकतो.

याचीही घरगुती चाचणी आहे. गेमच्या सेटिंगमध्ये फ्रेमचा वेग ६० वर बांधून टाका आणि ग्राफिक्स एक पायरी खाली आणा. यामुळे उष्णता आणि विजेची मागणी दोन्ही घटतात. आता गेम तासभर टिकला, तर ड्रायव्हर आणि विंडोजच्या मागे लागण्याआधी या दोघांना पकडा.

इन्व्हर्टरवर कॉम्प्युटर चालत असेल तर त्याच्या मागचं बटण बघा. बऱ्याच घरगुती इन्व्हर्टरना 'नॉर्मल' आणि 'यूपीएस' असे दोन मोड असतात. नॉर्मल मोड पंखे-दिव्यांसाठी ठीक. त्यात लाइट गेल्यावर बॅटरीवर यायला जास्त वेळ लागतो आणि व्होल्टेज बरंच खाली गेलं तरी तो तसंच पुढे पाठवतो. कॉम्प्युटरसाठी यूपीएस मोड हवा.

एरर मेसेजवर फार विश्वास नको

हे पटायला जगभर गाजलेलं एक प्रकरण बघू. इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीचे ताकदवान डेस्कटॉप प्रोसेसर घेतलेल्या लोकांचे गेम बंद पडायला लागले. विशेषतः अनरिअल इंजिनवर बनलेले गेम सुरू होतानाच मेसेज यायचा: 'आउट ऑफ व्हिडीओ मेमरी'. म्हणजे ग्राफिक्स कार्डाची मेमरी संपली. साहजिकच लोक कार्डावर घसरले. महागड्या कार्डांची मेमरी भरपूर शिल्लक असतानाही हाच मेसेज येत होता.

दोष प्रोसेसरचा होता. जुलै २०२४ मध्ये इंटेलने मान्य केलं की चिपमधल्या मायक्रोकोडच्या चुकीमुळे ती गरजेपेक्षा जास्त व्होल्टेज मागत होती. ऑगस्टमध्ये त्यावर दुरुस्ती आली, ती मदरबोर्डच्या बायोस अपडेटमधून घ्यायची होती. पण आधीच झिजलेली चिप अपडेटने बरी होत नाही. म्हणून कंपनीने या प्रोसेसरची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. तुमच्याकडे या दोन पिढ्यांमधला आय-५, आय-७ किंवा आय-९ असेल आणि बायोस कधीच अपडेट केला नसेल, तर ते काम आधी करा. बायोस अपडेट चालू असताना लाइट जाता कामा नये. महावितरण गुरुवारी देखभालीसाठी वीज बंद ठेवतं, ते लक्षात ठेवून दिवस निवडा.

कधीकधी तुमचं काहीच चुकलेलं नसतं

नोव्हेंबर २०२४ मध्ये विंडोज ११ च्या '२४एच२' अपडेटनंतर युबिसॉफ्टचे काही गेम गोठायला लागले. 'असॅसिन्स क्रीड'मधले ओरिजिन्स, ओडिसी, वल्हाला आणि 'स्टार वॉर्स आउटलॉज' त्यात होते. शेवटी हे गेम असलेल्या कॉम्प्युटरना तो अपडेट देणंच मायक्रोसॉफ्टने तात्पुरतं थांबवलं. अशा वेळी घरी बसून कितीही पार्ट बदलले तरी उपयोग शून्य. म्हणून काल चालणारा गेम आज बिघडला तर आधी आठवा की मध्ये काय बदललं. नवा ड्रायव्हर आला असेल तर डिव्हाइस मॅनेजरमधून 'रोल बॅक' करून जुन्यावर जाता येतं.

'जीटीए ऑनलाइन'चा किस्सा तर भारीच आहे. हा गेम सुरू व्हायला अनेकांना पाच-सहा मिनिटं लागायची आणि लोक आपल्या कॉम्प्युटरला शिव्या घालायचे. २०२१ मध्ये एका प्रोग्रामरने खोदकाम केलं. गेम साधारण ६३ हजार वस्तूंची एक यादी इतक्या वेडगळ पद्धतीने वाचत होता की प्रोसेसर त्यातच अडकून पडायचा. त्याने केलेल्या बदलाने लोडिंगचा वेळ जवळपास ७० टक्क्यांनी घटला. रॉकस्टारने त्याला १० हजार डॉलर बक्षीस दिलं आणि दुरुस्ती गेममध्ये आणली.

क्रॅक केलेला गेम असेल तर गोष्ट वेगळी. त्याला अपडेट मिळत नाहीत, हे झालंच. पण २०२१ मध्ये अवास्ट कंपनीने 'क्रॅकोनॉश' नावाचा मालवेअर उघड केला. तो जीटीए ५ सारख्या गेमच्या फुकट प्रतींमधून शिरायचा, अँटिव्हायरस बंद पाडायचा आणि मालकाच्या नकळत कॉम्प्युटरला क्रिप्टोकरन्सी खणायला लावायचा. २ लाख २२ हजारांहून जास्त कॉम्प्युटरमध्ये तो सापडला. गेम बंद असतानाही पंखा घोंघावत असेल तर याचा विचार नक्की करा.

दुकानात नेण्याआधी

स्टार्टमध्ये 'रिलायबिलिटी' असं इंग्रजीत टाइप केलं की एक तक्ता उघडतो. कोणत्या दिवशी काय कोसळलं, ते त्यात तारखेनुसार लाल खुणांनी दिसतं. सविस्तर नोंदी 'इव्हेंट व्ह्यूअर'मध्ये असतात. तिथे ४१ क्रमांकाची 'कर्नल-पॉवर' नोंद बघून घाबरू नका. कॉम्प्युटर नीट बंद झाला नाही, एवढंच ती सांगते. तुम्ही बटण दाबून बंद केला तरी ती पडते. ४१०१ दिसली तर डिस्प्ले ड्रायव्हर अडकून सावरला होता. रॅमचा संशय असेल तर विंडोजचंच 'मेमरी डायग्नोस्टिक' रात्री लावून ठेवा, आणि बायोसमध्ये रॅमचा एक्सएमपी वेग चालू असेल तर तो बंद करून बघा.

एका वेळी एकच गोष्ट बदला आणि कागदावर लिहून ठेवा. ड्रायव्हर, रॅम, सेटिंग सगळं एकाच संध्याकाळी बदललं आणि गेम चालला, तरी कशामुळे चालला ते कळणार नाही. पुढच्या वेळी पुन्हा पहिल्यापासून.

सगळ्यात आधी मात्र डेटा. 'क्रिस्टलडिस्कइन्फो'ने डिस्कवर 'कॉशन' दाखवलं तर गेमचं नंतर बघा, फोटो आणि कॉलेजचे प्रोजेक्ट त्याच दिवशी दुसरीकडे कॉपी करा. दुरुस्तीवाल्याने 'फॉरमॅट मारावा लागेल' म्हटलं की घरातले लोक मान हलवतात आणि दहा वर्षांचे फोटो जातात.

दुकानात गेल्यावर 'हँग होतो' एवढंच सांगू नका. किती मिनिटांनी, कुठल्या गेममध्ये, तेव्हा तापमान किती होतं, आवाज चालू होता का, हे सांगा. तुमच्या पॉवर सप्लायच्या जागी दुकानातला चांगला लावून, आणि मग कार्ड बदलून, तुमच्यासमोर गेम चालवायला सांगा. नवं कार्ड लावूनही तो अडकला तर ते विकत घ्यायचं कारणच उरत नाही. बदललेला जुना पार्ट परत मागा आणि बिलावर सिरियल नंबर लिहून घ्या. वॉरंटीत असलेल्या पार्टबाबत टाळाटाळ झाली तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे.