सवाल करणाऱ्याचे गद्य : निखिल वागळे आणि मराठी दूरचित्रवाणी

मराठी गद्याचा इतिहास वर्गात शिकवताना वादाला त्यात मानाचे पान द्यावे लागते. १८७४ साली सुरू झालेली ‘निबंधमाला’, ‘केसरी’ आणि ‘सुधारक’ यांच्यातील जुंपण, अत्र्यांचा ‘मराठा’ ही नावे वगळली तर तो इतिहास पांगळा होतो. परंतु हा सारा वाद कागदावरचा होता. प्रतिपक्ष समोर बसलेला नसे आणि उत्तर शोधायला त्याला सवड मिळे. दूरचित्रवाणीने ही सवड काढून घेतली. प्रश्न आणि उत्तर यांच्यामध्ये एका श्वासाचे अंतर उरले आणि त्या श्वासात चेहऱ्यावर काय उमटते, तेही प्रेक्षकाला दिसू लागले.

मराठीत हे घडायला बराच काळ जावा लागला. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. ‘प्रतिभा आणि प्रतिमा’सारख्या कार्यक्रमाने साहित्यिकांना घरोघरी नेले, पण त्या काळातील मुलाखतीचा पिंड आदराचा होता. केंद्र सरकारचे होते, त्यामुळे मंत्र्याला अडचणीत आणणारा प्रश्न तिथे सहसा संभवत नसे. २००७ साली ‘झी २४ तास’ आणि ‘स्टार माझा’ व २००८ साली ‘आयबीएन लोकमत’ या वृत्तवाहिन्या आल्या, तेव्हा चित्र पालटले. ‘आयबीएन लोकमत’चे संपादक निखिल वागळे होते आणि ‘आजचा सवाल’ हा त्यांचा कार्यक्रम होता.

वागळे पडद्यावर आले ते छापील वादाची शिदोरी घेऊन. ‘दिनांक’ साप्ताहिक, ‘अक्षर’ दिवाळी अंक आणि १९९० साली सुरू झालेले ‘आपलं महानगर’ हे सायंदैनिक ही त्यांची तालीम. ‘महानगर’ने शिवसेनेचे हल्ले सोसले. १९९४ साली विधिमंडळाच्या हक्कभंगाच्या प्रकरणात वागळे यांना चार दिवसांचा तुरुंगवास झाला. कॅमेऱ्यासमोरचा त्यांचा चढा आवाज, पाहुण्याला मध्येच तोडणे आणि उत्तर टळले की तोच प्रश्न पुन्हा विचारणे, ही सायंदैनिकाच्या अग्रलेखाचीच बोलती आवृत्ती होती. २० नोव्हेंबर २००९ रोजी शिवसैनिकांनी वाहिनीच्या मुंबई आणि पुणे येथील कार्यालयांवर हल्ला केला, तेव्हा कागद बदलून पडदा आला तरी किंमत तीच राहिली, हे स्पष्ट झाले.

येथे एक भेद करायला हवा. अमेरिकेत १९६०च्या दशकात जो पाइन आणि १९८७ ते १९८९ या काळात मॉर्टन डाउनी ज्युनियर यांनी पाहुण्याशी भांडणे हाच करमणुकीचा धंदा केला. ब्रिटनमध्ये रॉबिन डे यांनी १९५०च्या दशकापासून राज्यकर्त्यांना थेट प्रश्न विचारण्याची रीत पाडली. पहिल्या परंपरेत पाहुणा हा बळी असतो, दुसऱ्या परंपरेत तो उत्तरदायी असतो. २००७ साली करण थापर यांच्या मुलाखतीतून नरेंद्र मोदी काही मिनिटांत उठून गेले, ते दुसऱ्या परंपरेचे भारतीय उदाहरण. वागळे यांची प्रेरणा निःसंशय दुसरी होती, पण त्यांच्या कार्यक्रमाची घडण अधूनमधून पहिलीकडे झुकत असे. याचे कारण स्वभावात शोधण्यापेक्षा प्रश्नाच्या व्याकरणात शोधावे, असे मला वाटते.

मराठीतील ‘का’ हा शब्द दुहेरी आहे. वाक्याच्या शेवटी आला तर तो ‘होय की नाही’ एवढेच विचारतो : ‘मंत्र्यांनी राजीनामा द्यावा का?’ क्रियापदाच्या आधी आला तर तो कारण मागतो : ‘मंत्र्यांनी राजीनामा का द्यावा?’ शब्द तेच, केवळ जागा बदलली. ‘आजचा सवाल’ बहुधा पहिल्या ‘का’वर उभा असे. प्रेक्षकांचा कौल ‘हो’ आणि ‘नाही’ अशा टक्क्यांत मांडला जाई. अशा प्रश्नाने पाहुण्यांचे दोन तट पडतात आणि तट पडले की आवाज चढतोच. याच वागळे यांच्या ‘ग्रेट भेट’मध्ये निवांत, दीर्घ मुलाखत होत असे. तिथे दुसरा ‘का’ बोले आणि आवाजाची पट्टी आपोआप उतरे. माणूस एकच, प्रश्नाची जात वेगळी.

हा भेद मुंबईपेक्षा बीडसारख्या जिल्ह्यात अधिक टोचतो. २०११च्या जनगणनेत या जिल्ह्यात शून्य ते सहा वयोगटातील हजार मुलांमागे ८०७ मुली होत्या. ‘दोषींना कठोर शिक्षा व्हावी का?’ या सवालाला शंभर टक्के ‘हो’ मिळेल आणि तरीही काही उलगडणार नाही. कारण तो आकडा दुसरा ‘का’ मागतो : जमीन, पाऊस, ऊसतोडीसाठी होणारे स्थलांतर, हुंडा आणि दवाखाने यांची गाठ सोडवणारा. याच जिल्ह्यातील कपिलधार येथे ‘परमरहस्य’कार मन्मथस्वामींची समाधी आहे. कार्तिकी पौर्णिमेला तिथे मराठवाड्यातून आणि शेजारच्या राज्यांतून दिंड्या येतात. संतांनी आपल्या श्रोत्यांना कठोर शब्द सुनावले, पण त्या कठोरपणामागे श्रोत्याने कारण समजून घ्यावे, ही अपेक्षा होती. कीर्तनात मात्र श्रोता उलटा प्रश्न विचारीत नाही. दूरचित्रवाणीच्या चर्चेने ती उणीव भरून काढली, सत्तेला उलटा प्रश्न विचारता येतो हे कपिलधारच्या परिसरातील घरांतही दाखवले. हे श्रेय नाकारणे कृतघ्नपणाचे होईल.

पुढचा इतिहास प्रश्नाच्या जागा आकसत गेल्याचा आहे. रिलायन्स समूहाने वाहिनीच्या मूळ कंपनीचा ताबा घेतल्यानंतर जुलै २०१४ मध्ये वागळे यांनी राजीनामा दिला. २०१७ साली ‘टीव्ही नाइन मराठी’वरील त्यांचा ‘सडेतोड’ हा कार्यक्रम काही महिन्यांतच बंद झाला. ९ फेब्रुवारी २०२४ रोजी पुण्यात ‘निर्भय बनो’ सभेला जाताना त्यांच्या गाडीवर जमावाने हल्ला केला. दरम्यान वाहिन्यांवरील आरडाओरडा कमी झाला नाही, उलट वाढला. मात्र त्याची दिशा फिरली : पूर्वी तो सत्ताधाऱ्याकडे तोंड करून होत असे, आता पुष्कळदा सत्तेला प्रश्न विचारणाऱ्याकडे तोंड करून होतो.

म्हणून या कारकिर्दीचे मोल ठरवताना आवाजाची उंची मोजणे पुरेसे नाही. प्रश्न कोणाला विचारला आणि त्यातला ‘का’ कुठे ठेवला, या दोन कसोट्या लावाव्यात. पहिल्या कसोटीला वागळे उतरतात. दुसरीला ते कधी उतरतात, कधी नाही. मराठी वादाच्या परंपरेत त्यांचे स्थान याच दोन कसोट्यांच्या मधोमध आहे.