शून्य मैलाचा दगड

दिल्लीतील कस्तुरबा गांधी मार्ग हा पूर्वीचा कर्झन रोड. याच मार्गावर २०१३ साली महाराष्ट्र सदनाची नवी वास्तू उभी राहिली, आणि कामानिमित्त तेथे जाणे आम्हां दिल्लीवासी मराठी नोकरदारांच्या नित्य परिचयाचे झाले. परंतु ज्या व्हाइसरॉयचे नाव हा रस्ता मिरवीत होता, त्याच्याच कारकीर्दीत आपल्या विदर्भातील एक जुनी सीमा पुसली गेली, हे फारसे कोणाच्या ध्यानात येत नाही.

ती सीमा म्हणजे वर्धा नदी. तिच्या पूर्वेस नागपूरकर भोसल्यांचा मुलूख. तो १८५४ साली खालसा होऊन पुढे १८६१ मध्ये मध्यप्रांतात गेला. पश्चिमेस वऱ्हाड. त्याचा धनी निजाम, पण १८५३ पासून कारभार इंग्रजांचा. कर्झन १९०२ साली स्वतः हैदराबादेस गेला, निजामाशी बोलला, आणि त्याच वर्षी ५ नोव्हेंबरला वार्षिक पंचवीस लाख रुपयांवर वऱ्हाडचा कायमचा पट्टा लिहून घेण्यात आला. निजामाने तो कितपत राजीखुशीने दिला, हा प्रश्न न विचारलेलाच बरा! १ ऑक्टोबर १९०३ पासून वऱ्हाडचा कारभार मध्यप्रांतास जोडला गेला.

यानंतर चारच वर्षांनी, १९०७ साली, सर्वेक्षण खात्याने नागपुरात शून्य मैलाचा खांब उभारला. चार घोडे आणि वालुकाश्माचा हा स्तंभ सर्वांनी पाहिलेला असतो. हिंदुस्थानचा मध्यबिंदू म्हणून त्याची ख्याती आहे; परंतु त्याचे मूळ काम अधिक साधे आणि, माझ्या मते, अधिक मोलाचे होते. रस्त्यांची अंतरे येथून मोजावयाची आणि उंचीची एक पक्की खूण ठेवावयाची. तेथील खुणेची समुद्रसपाटीपासूनची उंची १०२०.१७१ फूट नोंदलेली आहे, हजारव्या हिश्श्यापर्यंत! त्या काळच्या तलमापनास कराची, मुंबई, कारवार, मद्रास अशा नऊ बंदरांवरील भरती-ओहोटीच्या नोंदींचा आधार होता. त्यांपैकी कराची १९४७ साली परक्या देशात गेली, परंतु तिच्या समुद्राचा हिशेब आपल्या तलमापनात राहून गेला.

खांबावरील गावांची नावे वाचावीत. जबलपूर, शिवनी, छिंदवाडा, बैतूल, चांदा, हैदराबाद. या यादीत अमरावती नाही, अकोला नाही, मुंबई तर नाहीच. वऱ्हाड कागदोपत्री प्रांतास जोडले गेले होते. दगडाचे तोंड मात्र उत्तरेकडे आणि दक्षिणेकडेच राहिले.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भाचे आठ जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात आले. नागपूरचे राजधानीपण संपले, सचिवालय भोपाळला गेले, आणि त्याबरोबर कित्येक मराठी कारकुनांचे संसारही गेले. माझे आजोबा त्यांतलेच. भोपाळ किती दूर, असे विचारले की ते आधी बैतूलपर्यंतचे मैल सांगत, आणि पुढचे मग किलोमीटरमध्ये. बैतूल तोवर त्यांच्याच प्रांतातले गाव होते.

आज वरील नावांपैकी महाराष्ट्रात उरले आहे ते केवळ चांदा. हैदराबाद २०१४ पासून तेलंगणात आहे, आणि शिवनीच्या रस्त्याने निघाले की खवाशापाशी मध्य प्रदेश लागतो. १९०७ साली त्या रस्त्यावर सीमा नव्हती.